अपूचा आवाज

स्प्रिंगफिल्ड या काल्पनिक अमेरिकी गावातली बहुतेक माणसं पिवळी आहेत. 'द सिम्पसन्स' ही ॲनिमेटेड मालिका पहिल्यांदा पाहताना तो झगझगीत पिवळा डोळ्यांत भरतो. दोन-चार भाग झाले की तो दिसेनासा होतो. पिवळा म्हणजे गोरा, हे मालिकेत कोणी सांगत नाही आणि सांगायची गरजही पडत नाही. बाप पिवळा, आई पिवळी, शाळेचे मुख्याध्यापक पिवळे, पोलीसप्रमुख पिवळा. मग कोपऱ्यावरच्या दुकानाचं दार उघडतं आणि गल्ल्यामागे एक तपकिरी माणूस उभा असतो. त्याला पाहिल्यावर मात्र रंग दिसतो. तो बोलायला लागतो, आणि त्या रंगाला आवाजही चिकटतो.

या माणसाचं नाव अपू नहासपीमापेटिलॉन. मालिका १९८९ च्या डिसेंबरात फॉक्स वाहिनीवर सुरू झाली आणि अपू त्यात १९९० च्या फेब्रुवारीत आला. पुढची पंचवीसेक वर्षं तो अमेरिकेतल्या कोट्यवधी घरांत येत राहिला. २०१७ मध्ये त्याच्यावर एक माहितीपट निघाला, त्यावरून वाद पेटला, आणि २०२० मध्ये त्याचा आवाज बंद झाला.

'कार्टूनमधल्या दुकानदारावरून एवढा गहजब कशाला', असं म्हणून अनेकांनी हे प्रकरण उडवून लावलं. मला ते अभ्यासायला घ्यावंसं वाटलं त्याचं कारण नेमकं हेच. द्वेषाने केलेलं चित्रण ओळखायला सोपं असतं. त्याचा निषेधही सोपा. अपू द्वेषातून जन्मलेला नाही. तो भला आहे, कष्टाळू आहे, डॉक्टरेट मिळवलेला आहे, गावातल्या कित्येक पिवळ्या माणसांपेक्षा शहाणा आहे. तरीही त्याच्या नावाने आणि त्याच्या उच्चारात चिडवली गेलेली मुलं मोठी होऊन पुढे आली आणि म्हणाली, की याने आम्हाला दुखावलं. भल्या पात्राने कोणाला दुखापत कशी होते, हा या प्रकरणातला खरा प्रश्न आहे. माझं उत्तर आधीच सांगून टाकतो: अपू कसा होता यापेक्षा तो एकटा होता, गोम तिथे आहे.

ज्या रिकाम्या जागेत तो उभा राहिला

भारतीय माणूस कोणत्या वंशाचा, याचं अमेरिकेचं उत्तर विसाव्या शतकात सारखं बदलत होतं. १९२०, १९३० आणि १९४० च्या जनगणनांत वंशाच्या रकान्यात 'हिंदू' हा एक पर्याय होता. माणूस शीख असो की मुसलमान, नोंद 'हिंदू'. १९२३ मध्ये शीख स्थलांतरित भगतसिंग थिंड यांचा नागरिकत्वाचा खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. त्या काळच्या वंशशास्त्राप्रमाणे उत्तर भारतीय 'कॉकेशियन', म्हणजे गोऱ्यांच्याच वंशातले ठरतात, कायदा गोऱ्यांना नागरिकत्व देतो, मग मला का नाही, असा त्यांचा दावा होता. न्यायालयाने तो फेटाळला. शास्त्र काहीही म्हणो, 'गोरा' या शब्दाचा अर्थ सर्वसामान्य माणसाच्या समजुतीप्रमाणे घ्यायचा, आणि त्या समजुतीत थिंड बसत नाहीत, असा तो निकाल होता. पुढे १९७० च्या जनगणनेत हेच भारतीय गोऱ्यांत मोजले गेले. १९८० मध्ये त्यांच्यासाठी 'एशियन इंडियन' असा वेगळा रकाना आला. साठ वर्षांत हिंदू, मग गोरा, मग आशियाई. आणि कातडी तीच.

थिंड निकालातली 'सर्वसामान्य माणसाची समजूत' ही कसोटी मला या सगळ्या प्रकरणाची किल्ली वाटते. वंशाची रेघ शरीरात शोधायची नाही, रस्त्यावरच्या माणसाच्या डोक्यात शोधायची, हे एका देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने लेखी देऊन ठेवलं. मग ती समजूत रस्त्यावरच्या माणसाच्या डोक्यात येते कुठून, हे विचारणं भाग आहे.

१९९० साली अमेरिकेत भारतीय वंशाचे सुमारे ८ लाख १५ हजार लोक होते. देशाची लोकसंख्या होती २४ कोटी ८७ लाख. म्हणजे तीनशे माणसांत एक. तेही न्यूयॉर्क, न्यू जर्सी, कॅलिफोर्निया, इलिनॉय, टेक्सास अशा मोजक्या राज्यांत दाटलेले. मधल्या राज्यांतल्या एखाद्या गावात वाढणाऱ्या मुलाला दहावीपर्यंत एकही भारतीय भेटणार नाही, हे सहज शक्य होतं. त्याच वर्षी ऑक्टोबरात 'द सिम्पसन्स'चा एक भाग ३ कोटी ३६ लाख लोकांनी पाहिला. हे दोन आकडे शेजारी मांडून बघा. एका संध्याकाळचा प्रेक्षकवर्ग देशातल्या एकूण भारतीयांच्या चाळीसपट होता.

ज्याला आपण रोज भेटतो त्याच्याबद्दलचं मत एखादी मालिका सहजासहजी बदलू शकत नाही. शेजारचा इटालियन माणूस कंजूष आहे की दिलदार, हे आपल्याला अनुभवाने माहीत असतं. भेटच नसेल तिथे पडद्यावरची ओळख हीच ओळख होते. माध्यमांच्या परिणामांचा अभ्यास करणारे जॉर्ज गर्बनर आणि लॅरी ग्रॉस यांनी १९७६ मध्ये याच्या उलट्या बाजूवर बोट ठेवलं होतं: कल्पित जगात दिसणं म्हणजे समाजात असणं, आणि तिथे नसणं म्हणजे पुसलं जाणं. अपूच्या आधी अमेरिकी टीव्हीवर भारतीय माणूस जवळजवळ पुसलेला होता. अपू आला आणि पाटी भरली. पण पाटीवर अक्षर एकच.

दुकान खरं होतं

साचा हवेतून आला नव्हता, हे प्रामाणिकपणे सांगायला हवं. १९६५ च्या इमिग्रेशन कायद्याने राष्ट्रीयत्वावर आधारलेला कोटा मोडला आणि भारतातून आधी डॉक्टर, इंजिनीअर, शास्त्रज्ञ गेले. मग कायद्यातल्या कुटुंब एकत्र आणण्याच्या तरतुदीने त्यांचे भाऊ, बहिणी, मेहुणे गेले. सगळ्यांच्या हातात पदव्या नव्हत्या, आणि ज्यांच्या होत्या त्यांच्या पदव्यांना सगळीकडे किंमत मिळाली नाही. मोटेल, पेट्रोलपंप, रात्रभर उघडी राहणारी कोपऱ्यावरची दुकानं, या धंद्यांत घरच्या माणसांचे हात चालतात आणि भांडवल नातलगांकडून उभं राहतं. त्यामुळे गल्ल्यावर दक्षिण आशियाई माणूस दिसणं हे त्या काळातलं वास्तव होतं.

डॉक्टरेट केलेला माणूस दुकान चालवतो, हा मालिकेतला तपशील म्हणूनच मला चटका लावतो. ते लिहिणाऱ्याला तो विनोद वाटला असेल. कित्येक घरांत ती बापाची हकीकत होती. लिहिणाऱ्यांना त्या माणसाकडे नीट पाहता येत होतं, याचे पुरावेही मालिकेतच आहेत. १९९६ च्या एका भागात अपू नागरिकत्वाची परीक्षा देतो. अमेरिकेतल्या यादवी युद्धाचं कारण काय, असं परीक्षक विचारतो. अपू सांगू लागतो, की गुलामगिरीवरून असलेला वाद तर होताच, पण त्यामागे आर्थिक कारणंही होती... परीक्षक त्याला मध्येच तोडतो: नुसतं 'गुलामगिरी' म्हणा. हा भाग कॅलिफोर्नियात १९९४ मध्ये झालेल्या स्थलांतरितविरोधी सार्वमताच्या पार्श्वभूमीवर लिहिलेला होता, आणि लेखक उघडपणे अपूच्या बाजूने उभे होते.

मात्र शाळेच्या मैदानावर यातलं काही पोहोचलं नाही. तिथे पोहोचला तो आवाज.

नकलेची नक्कल

अपूला आवाज दिला हँक अझारिया यांनी. गोरे नट, ज्यू कुटुंबातले, न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात वाढलेले. हा आवाज कसा जन्मला, याच्या दोन हकिकती आहेत. मालिकेचे लेखक माईक रिस यांच्या सांगण्याप्रमाणे दुकानदार भारतीय नसावा असंच लेखकांनी ठरवलं होतं, कारण तो विनोद तेव्हाही शिळा वाटत होता. वाचनाच्या वेळी अझारियांनी आपण होऊन भारतीय उच्चार लावला, खोलीत हशा पिकला आणि ते कायम झालं. अझारियांनी पूर्वी सांगितलेली हकीकत वेगळी आहे: भारतीय आवाज काढता येईल का, आणि तो किती बोचरा करता येईल, असं त्यांना विचारलं गेलं होतं. दोन्हींत एक गोष्ट समान आहे. त्या खोलीतला एकही माणूस असा नव्हता, की ज्याच्या बापाचा आवाज असा होता.

आवाजाचा कच्चा माल अझारियांनी दोन ठिकाणांहून घेतला. एक, लॉस एंजेलिसमधल्या दुकानांतले विक्रेते. दुसरा, १९६८ च्या 'द पार्टी' या चित्रपटातला ऱ्हुंडी बक्षी. हे पात्र पीटर सेलर्स या इंग्रज नटाने चेहऱ्याला तपकिरी रंग फासून केलं होतं. सेलर्स दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश हवाई दलाच्या करमणूक पथकाबरोबर भारतात फिरले होते. साम्राज्याच्या सैनिकांना हसवणाऱ्या एका नकलाकाराच्या कानातला भारत असा प्रवास करत १९९० च्या अमेरिकेत पोहोचला. अपूवर माहितीपट करणारे हरी कोंडाबोलू पुढे म्हणाले ते याच अर्थाने, की आमच्या वडिलांची टर उडवणाऱ्या गोऱ्या माणसाची नक्कल एक गोरा माणूस करतो आहे.

'अपू' हे नाव सत्यजित राय यांच्या चित्रत्रयीतून घेतलं. १९५५ ते १९५९ या काळात आलेल्या त्या तीन चित्रपटांतला अपू हा बंगालच्या खेड्यातला, रेल्वेगाडी पाहायला गवतातून धावत सुटणारा मुलगा. लेखकांना राय माहीत होते, त्यांच्याबद्दल आदरही असावा. पण आडनाव जे जोडलं ते कोणत्याही भारतीय भाषेत बसत नाही. ते बसवायचं नव्हतंच. लांब, परकं आणि जिभेला अडखळवणारं वाटलं की काम झालं.

'थँक यू' मधला थ

आता हा उच्चार थोडा जवळून पाहू. मराठी वाचकाला तो अमेरिकी माणसापेक्षा चांगला कळेल, कारण त्यातली यंत्रणा आपल्या तोंडात आहे.

अपूचं ठरलेलं वाक्य: 'थँक यू, कम अगेन.' इंग्रजीत 'थँक'चा पहिला ध्वनी जीभ दातांमध्ये आणून हवा घासून काढतात. आपल्याकडे तो ध्वनी नाही, म्हणून आपण त्याच्या सर्वांत जवळचा थ वापरतो. इंग्रजी टी आणि डी हे हिरड्यांच्या कडेला उच्चारले जातात, म्हणजे आपल्या त आणि ट यांच्या मध्ये कुठेतरी. मधली जागा आपल्या वर्णमालेत रिकामी असल्याने आपण ते ट-ड वर्गात टाकतो आणि जीभ मागे वळवतो. अमेरिकी कानाला ती वळलेली जीभ लगेच कळते. 'पेन'मधल्या प वर इंग्रजी माणूस किंचित श्वास सोडतो. आपल्याला प आणि फ ही दोन वेगळी अक्षरं सांभाळायची असतात, म्हणून आपण तो श्वास आवरतो. व्ही आणि डब्ल्यू या दोन्हींसाठी आपल्याकडे एक व.

म्हणजे हे मोडकं इंग्रजी मुळीच नाही. एका भाषेची काटेकोर शिस्त दुसऱ्या भाषेत पाळल्याने जे होतं ते हे आहे. फ्रेंच माणूस इंग्रजी बोलतो तेव्हाही हेच घडतं, पण अमेरिकी पडद्यावर त्या उच्चाराला प्रणयी आणि ऐटबाज मानतात. ध्वनी स्वतः हास्यास्पद नसतात. कोणावर हसायचं हे आधी ठरलेलं असतं, मग ते ध्वनी हास्यास्पद ऐकू येतात. माहितीपटात मालिकेचे एक जुने लेखक डेना गूल्ड यांनी हेच मोकळेपणाने कबूल केलं, की काही उच्चार गोऱ्या अमेरिकी कानांना मुळातच विनोदी वाटतात. त्यांनी ते कारण म्हणून सांगितलं. मला त्यात कबुलीजबाब दिसतो.

शिवाय अपूचा उच्चार कोणत्या भाषेचा? बंगाली माणूस इंग्रजी बोलताना जे करतो ते तेलुगू माणूस करत नाही, पंजाबी माणूस आणखी वेगळं करतो. अझारियांचा आवाज या सगळ्यांची सरासरीही नाही. तो सेलर्सचा आहे. पण ज्यांनी दुसरा ऐकला नव्हता त्यांच्यासाठी तोच 'भारतीय उच्चार' ठरला. पुढे भारतीय वंशाचे नट ऑडिशनला गेले तेव्हा त्यांच्याकडे हाच आवाज मागितला जाऊ लागला, आणि न्यू जर्सीत किंवा टेक्सासमध्ये जन्मलेल्या त्या तरुणांना तो शिकावा लागला. माहितीपटातल्या नटांच्या मुलाखतींत हा अनुभव पुन्हा पुन्हा येतो. १९९८ मध्ये अझारियांना अपूच्या आवाजासाठी एमी हा टीव्हीचा मानाचा पुरस्कार मिळाला होता. म्हणजे नक्कल प्रमाण झाली, आणि मूळ माणसं तिच्यावर तपासली जाऊ लागली.

या साच्याची पकड मालिकेबाहेर किती होती, याची दोन उदाहरणं पुरेशी आहेत. २००४ मध्ये सिनेटर हिलरी क्लिंटन यांनी एका सभेत महात्मा गांधी सेंट लुईसमध्ये पेट्रोलपंप चालवत होते असा विनोद केला. नंतर त्यांनी माफी मागितली. २००६ मध्ये सिनेटर जो बायडन म्हणाले, की थोडा भारतीय उच्चार असल्याशिवाय तुम्ही सेव्हन-इलेव्हन किंवा डंकिन डोनट्स या साखळी दुकानांमध्ये जाऊच शकत नाही. हे बोलताना ते डेलावेअरमधल्या भारतीयांची संख्या कशी वाढते आहे ते कौतुकाने सांगत होते. दोघंही स्थलांतरितांच्या बाजूचे राजकारणी. अपू पाहून त्यांना हे सुचलं, असं मी म्हणत नाही; तसं सिद्ध करता येणार नाही. पण दुकान आणि उच्चार हे दोन तुकडे जोडले की 'भारतीय' तयार होतो, हे समीकरण इतकं मुरलं होतं की कौतुक करणाऱ्याच्या तोंडूनही तेच निघत होतं. पुढच्याच वर्षी, २००७ च्या जुलैत, सिम्पसन्सच्या चित्रपटाच्या जाहिरातीसाठी सेव्हन-इलेव्हनने आपली बारा खरी दुकानं काही काळ अपूच्या 'क्विक-ई-मार्ट'सारखी सजवली. त्या गल्ल्यांवर उभ्या असलेल्या माणसांना काय वाटलं असेल, हे माझ्या मनातून जात नाही.

क्वीन्सचा दुसरा मुलगा

हरी कोंडाबोलू हे स्टँड-अप कॉमेडियन. आईवडील तेलुगू, हरींचा जन्म १९८२ चा, आणि तोही क्वीन्समधला. ते 'द सिम्पसन्स'वर जीव टाकणारे प्रेक्षक होते आणि आहेत. आपल्या विनोदाला वळण त्या मालिकेने लावलं, असं ते सांगतात. लहानपणी अपू आवडायचाही, कारण निदान कोणीतरी आहे. २०१२ मध्ये एका टीव्ही कार्यक्रमात त्यांनी अपूवर दोन-चार मिनिटांचा तडाखा दिला आणि तो खूप गाजला. त्यातून १९ नोव्हेंबर २०१७ ला ट्रू टीव्ही या वाहिनीवर 'द प्रॉब्लेम विथ अपू' हा माहितीपट आला.

त्यात कॅल पेन, अझीझ अन्सारी, आसिफ मांडवी, उत्कर्ष आंबूडकर असे दक्षिण आशियाई वंशाचे अनेक नट आपले अनुभव सांगतात. देशाचे सर्जन जनरल, म्हणजे सार्वजनिक आरोग्याचे प्रमुख अधिकारी, राहिलेले विवेक मूर्तीही त्यात आहेत. वूपी गोल्डबर्ग अपूची सांगड एकोणिसाव्या शतकातल्या मिन्स्ट्रेल नाट्यप्रयोगांशी घालतात, ज्यांत गोरे नट तोंडाला काळं फासून कृष्णवर्णीयांची सोंगं करत. इथे रंगाऐवजी आवाज फासला होता, एवढाच फरक. अझारियांनी मुलाखत द्यायला नकार दिला. आपलं म्हणणं काटछाट करून कसं दाखवलं जाईल याची त्यांना काळजी होती. दुसऱ्याने आपल्याला कसं दाखवावं यावर आपला ताबा नसण्याची ही भीती. कोंडाबोलूंच्या पिढीने ती पंचवीस वर्षं अनुभवली होती.

मालिकेने उत्तर दिलं ८ एप्रिल २०१८ च्या भागात. एका जुन्या पुस्तकातले आक्षेपार्ह भाग गाळून वाचले की गोष्टीत जीवच उरत नाही, असा प्रसंग आहे. शेवटी सिम्पसन घरातली छोटी लिसा प्रेक्षकांकडे वळून म्हणते, की जे कधीकाळी कौतुकाचं आणि निरुपद्रवी होतं ते आज चुकीचं ठरतं, त्याला आपण काय करणार? तिच्या उशाशी अपूचा फोटो.

हे वाक्य लिसाच्या तोंडी घातलं, हे मला आजही पटत नाही. लिसा हा त्या मालिकेचा विवेक आहे. १९९५ च्या एका भागात ती मांसाहार सोडते आणि घरादाराशी भांडते, तेव्हा तिला समजावतो तो अपू. मीही शाकाहारी आहे, तो सांगतो, पण दुसऱ्यांवर डाफरून माणसं जिंकता येत नाहीत. ज्याने तिला ऐकून घ्यायला शिकवलं, त्याच्याबद्दल तिने खांदे उडवावेत? मालिकेचे निर्माते मॅट ग्रेनिंग यांनीही त्याच सुमारास म्हटलं, की लोकांना हल्ली दुखावल्याचं सोंग करायला आवडतं. कोंडाबोलूंना धमक्या येऊ लागल्या होत्या.

मन बदललं ते अझारियांचं. त्याच महिन्यात स्टीफन कोलबेअर यांच्या टीव्हीवरच्या गप्पांच्या कार्यक्रमात ते म्हणाले, की आपण बाजूला व्हायला तयार आहोत आणि लेखकांच्या खोलीत भारतीय, दक्षिण आशियाई माणसं हवीत. २०२० च्या जानेवारीत त्यांनी अपूचा आवाज सोडल्याचं सांगितलं. मे महिन्यात मिनियापोलिसमध्ये जॉर्ज फ्लॉइड यांची पोलिसाच्या हातून हत्या झाली, देश रस्त्यावर उतरला, आणि २६ जूनला मालिकेने जाहीर केलं, की यापुढे गोरे नट इतर वर्णांच्या पात्रांना आवाज देणार नाहीत. २०२१ मध्ये अझारियांनी एका पॉडकास्टवर जाहीर माफी मागितली. देशातल्या प्रत्येक भारतीयाकडे जाऊन माफी मागावी असं कधीकधी वाटतं, असं ते म्हणाले. २०२३ मध्ये क्वीन्सचे हे दोघं एनपीआर या अमेरिकी सार्वजनिक रेडिओच्या 'कोड स्विच' कार्यक्रमात एकमेकांशी बोलले. माफी मागणाऱ्याने आपल्या कमाईचं, कीर्तीचं साधन आधी खाली ठेवलं होतं, म्हणून तिला माझ्या लेखी वजन आहे.

'सगळ्यांचीच तर टिंगल आहे'

अपूच्या बाजूने सर्वांत जोरदार म्हणणं हे, की मालिका कोणालाच सोडत नाही. स्कॉटिश माळी तापट आहे, इटालियन आचारी मिशीवाला आहे, पोलीसप्रमुख मठ्ठ आहे, आणि घरचा कर्ता पुरुष होमर सिम्पसन तर महामूर्ख. मग एका भारतीयाचंच का मनाला लावून घ्यायचं?

हा युक्तिवाद मी हलक्यात घेत नाही, पण तो मोजदाद चुकवतो. मूर्ख गोरा बाप टीव्हीवर दिसला तर त्याच रात्री दुसऱ्या वाहिनीवर शहाणा गोरा बाप असतो, तिसरीवर गोरा डॉक्टर, चौथीवर गोरा राष्ट्राध्यक्ष. त्या गर्दीत एक मूर्ख विरघळून जातो. शाळेतल्या गोऱ्या मुलाला कोणी होमर सिम्पसन म्हटलं तर त्याला त्याच्या बापाच्या बोलण्याची लाज वाटत नाही. अपूला विरघळायला पाणीच नव्हतं. त्यामुळे त्याचं शहाणपण, त्याची डॉक्टरेट, त्याचं नागरिकत्व हे सगळं त्या एका पात्राचं राहिलं, आणि त्याचा उच्चार मात्र अख्ख्या समूहाला लागला. पात्रातलं जे सूक्ष्म आहे ते बसून पाहावं लागतं, आणि जे ढोबळ आहे ते दोन शब्दांत उचलून कोणाच्याही तोंडावर मारता येतं.

याचमुळे भारतात राहून हे प्रकरण पाहणाऱ्याला ते क्षुल्लक वाटू शकतं. चहूकडे आपल्यासारखीच माणसं असताना एका चित्रातल्या माणसाने काय बिघडतं? पण वर्गात आपण एकटेच असू, आणि बाकी एकोणतीस जणांनी आदल्या रात्री तो भाग पाहिलेला असेल, तर त्या दिवशी डबा उघडतानाही विचार करावा लागतो. हजेरी घेणाऱ्या बाई आडनावाशी अडखळल्या की मागून आवाज येणार, हे ठाऊक असतं. त्याहून खोल जखम घरी होते. पालकसभेला वडील आले की त्यांनी फार बोलू नये असं वाटतं. स्वतःच्या वडिलांचा आवाज आधी इतरांच्या कानाने ऐकायची सवय लागते. वांशिक ओळख बाहेरून आत शिरते ती अशी.

आवाज गेल्यानंतर

आज अपू मालिकेत आहे आणि नाही. गर्दीच्या दृश्यात तो दिसतो, कोपऱ्यात उभा असतो, बोलत नाही. कोंडाबोलूंनी त्याला काढून टाका असं म्हटलं नव्हतं. त्यांना तो चांगला लिहिलेला हवा होता. मालिकेला ते कळत होतं, असं म्हणायला जागा आहे. २०१६ च्या जानेवारीत, माहितीपटाच्या जवळजवळ दोन वर्षं आधी, अपूचा पुतण्या जय एका भागात आला. आवाज उत्कर्ष आंबूडकरांचा, उच्चार सरळ अमेरिकी. तो काकांना तोंडावर सांगतो, की तुम्ही म्हणजे नुसता साचा आहात. तो दुकानाचं रूपच पालटून टाकतो. काका-पुतण्यातलं ते भांडण मला त्या मालिकेतला सर्वांत खरा भारतीय-अमेरिकी प्रसंग वाटतो, कारण ते घरातलं भांडण आहे आणि दोघांच्याही बोलण्यात तथ्य आहे. एका भागात ते संपलं.

दरम्यान बाहेर पाटी भरत गेली. मिंडी केलिंग २०१२ मध्ये स्वतःची मालिका घेऊन आल्या. २०१५ मध्ये अझीझ अन्सारींच्या मालिकेने टीव्हीवरचे भारतीय आणि मागितला जाणारा उच्चार याच विषयावर एक पूर्ण भाग केला. २०२० मध्ये कॅलिफोर्नियातल्या तमिळ घरातली एक चिडखोर, चुका करणारी, प्रेमात पडणारी शाळकरी मुलगी एका मालिकेची नायिका झाली. यातलं प्रत्येक चित्रण उत्तम आहे असं नाही, आणि तसं असण्याची गरजही आता उरलेली नाही. वाईट लिहिलेला एक भारतीय आता नुसता वाईट लिहिलेला एक माणूस ठरू शकतो. अपूला ही सवलत कधी मिळाली नव्हती.

त्याला मालिकेत आठ मुलं आहेत, १९९९ मध्ये एकाच वेळी जन्मलेली. कार्टूनमध्ये वय वाढत नाही, म्हणून ती अजून लहान आहेत. पण ती स्प्रिंगफिल्डमधलीच. मोठी झाली तर लिसा बोलते तसंच इंग्रजी बोलतील, आणि दुकानात बापाच्या शेजारी उभी राहून गिऱ्हाइकाला काय म्हणतील, ते लिहिणारा कोणी त्या खोलीत बसला तर तो भाग मला पाहायचा आहे.